अळंबीला लोखंड लावायचं नाही

दिवाळी अंकवाल्या ताईंचा फोन आला, "तुमच्या कामाच्या आठवणी लिहून द्या." मी म्हटलं, बाई, मी नोकरी कधी केली नाही. डोंगरात जे उगवतं ते गोळा करायचं आणि पन्हाळ्याच्या वाटेवर नाक्याला बसून विकायचं, याला काम म्हणत असाल तर लिहिते. त्या म्हणाल्या, यालाच म्हणतो. मी शाळेत गेलेली नाही. पोरगा पहिलीत होता तेव्हा त्याच्या शेजारी बसून त्याच्याच पाटीवर अक्षरं गिरवली. तो पुढं निघून गेला, मी वाचण्यालिहिण्यापुरती थांबले. त्यामुळं माझं लिहिणं बोलल्यासारखं होतं, आणि माझं बोलणं लवकर थांबत नाही अशी घरात सगळ्यांची तक्रार आहे. तुम्ही पान उलटायला मोकळे.

आमची वस्ती पन्हाळ्याच्या मागच्या अंगाला, डांबरी रस्ता जिथं दमतो आणि डोंगर सुरू होतो तिथं. बौद्धवाडी म्हणतात. शेत म्हणाल तर उतारावरच्या नाचणीच्या दोन-चार पट्ट्या. बाकी सगळं पोट रानावर. उन्हं तापली की शिकेकाई, मग करवंदं, जांभळं. पाऊस लागला की टाकळा, भारंगी, कुर्डू, बांबूचे कोंब. मग नाचणीची लावण, आणि त्याच दिवसांत अळंबी. दिवाळी झाली की मध, थंडीत हिरडा. बाहेरच्या माणसाला वाटतं, रान म्हणजे फुकटचं दुकान, गेलं की उचललं. तसं नसतं. करवंद जरा आधी तोडलं तर चिकानं ओठ फाटतात, जरा थांबलं तर पाखरं खाऊन मोकळी. रान आपल्यासाठी थांबत नाही, आपण त्याच्या वेळेला हजर राहायचं. हजेरीचंच काम आहे ते.

नाक्यावर गिऱ्हाइकं तऱ्हेतऱ्हेची. एका पावण्यांनी करवंदाचा द्रोण हातात धरून विचारलं, "मावशी, यावर फवारणी केलेली नाही ना?" मी म्हटलं, "डोंगरावर चढून कोण फवारणार? मलाच चढताना धाप लागतीया." बिद्रीकडचे एक रिटायर काका दरसाल अळंबीला यायचे. त्यांना उमललेली चालायची नाही, मिटलेली कळीच पाहिजे. एकेक उचलून बघायचे आणि बाजूला ठेवायचे. "ही नको आक्का, ही म्हातारी झालीया." एकदा मी म्हटलं, "तुम्हीबी झालाय की काका. आम्ही बाजूला ठिवलंय काय?" ते हसत बसले आणि सगळी टोपली घेऊन गेले.

आता अळंबीचं सांगते, कारण हे सगळं लिहायला बसले ते तिच्यासाठी.

पावसात जमिनीतून पांढऱ्या छत्र्या उगवतात, त्या सगळ्यांना शहरात अळंबी म्हणतात. आम्ही विकतो ती एकच, वारुळाची. वाळवी जमिनीच्या पोटात घर करते, त्या घरातून ही वर येते. वर दिसते चार बोटं, पण खाली तिचं मूळ कधी कधी हातभर जातं, पार वाळवीच्या घरापर्यंत. दरसाल त्याच जागेला येते, म्हणून प्रत्येक घराची जागा ठरलेली. ही जागा लेकीला मिळत नाही, सुनेला मिळते, कारण लेक दुसऱ्या डोंगराला जाते. माझ्या सासूनं मला आमची जागा दाखवली ती लग्न होऊन दोन पावसाळे गेल्यावर. तोवर सून टिकते का पळून जाते, ते बघत होती म्हातारी.

जागेसोबत नियम येतात. त्यातला मोठा नियम, अळंबीला लोखंड लावायचं नाही. विळा नाही, खुरपं नाही, सुरी नाही. लाकडाची टोकदार काठी घ्यायची, भोवतीची माती हळूहळू उकरायची आणि मुळासकट अलगद वर घ्यायची. एकेका अळंबीला वेळ लागतो, कंबर मोडते, नखांत माती जाते. का असं, विचारलं तर सासू म्हणायची, "लोखंड लागलं की वारूळ रुसतंय."

आम्ही देवदेवस्की सोडलेली माणसं. माझ्या आजसासऱ्यांनी धर्म बदलला तेव्हा देव्हाऱ्यातले टाक नदीत सोडले, नवस सोडले, अंगात येणं सोडलं. हा एक नियम मात्र घरात तसाच राहिला. तोही सोडण्यासारखाच आहे, हे कुणाच्या ध्यानात आलं नसावं.

ते आलं माझ्या सुनेच्या ध्यानात. सुजाता तिचं नाव. बारावी झालेली, हातात पुस्तक घेतलं की चुलीवरचं दूध उतू जाईपर्यंत मान वर न करणारी. विहारात वंदना म्हणायला उभी राहिली की सगळ्यांच्या वर तिचा आवाज. रानातही तेवढीच चपळ. तिला जागा दाखवली त्याच दिवशी तिनं मला धरलं.

"आत्ती, वारूळ रुसतंय म्हंजे काय करतंय? त्याला काय तोंड हाय?"

"आमच्या सासूनं सांगितलंय."

"त्यांच्या सासूनं नवसबी सांगितलं असतील की. ते सोडलं न्हवं आपण?"

माझ्या बापानंच मला लहानपणी शिकवलेलं, ज्याचं कारण सांगता येत नाही ते पाळू नको. मग मी तिला अडवलं नाही. सुजाता सुरी घेऊन जायला लागली. जमिनीलगत एक काप दिला की अळंबी हातात. काठीनं मला जिथं सकाळ लागायची तिथं ती न्याहारीला परत. आणि माल कसा, कापसासारखा. मातीचा कण नाही. गिऱ्हाइकाला तेच पाहिजे असतं.

आमची सगळ्यात जुनी गिऱ्हाईक म्हणजे कुरुंदवाडच्या वहिनी. कुठलं कुरुंदवाड, कुठला पन्हाळा, पण बाई दर पावसाळ्याला यायच्या. पहिल्यांदा आल्या तेव्हा त्यांचा पोरगा कडेवर होता, आता तो त्यांना गाडीनं आणायचा. त्या मला आक्का म्हणायच्या, मी त्यांना वहिनी. आल्या की माझ्या पोत्यावर मांडी घालून बसायच्या. म्हशींचं सांगायच्या, पुराचं सांगायच्या, गुडघ्याचं सांगायच्या. सुजाताचा माल बघून म्हणाल्या, "आक्का, तुझ्याकडनं इतकी वर्सं मी निम्मी मातीच नेत हुतो बघ. ही पोरगी बघ कशी निवडून आणतीया." सुजातानं माझ्याकडं बघितलं.

अशात ते वर्ष आलं. पावसानं उशीर केला असता तर आम्हाला नवं नव्हतं, पण तो आधीच आला. वैशाखातच सुरू झाला तो थांबेचना. करवंदं जाळीवरच कुजली, जांभळं पिकायच्या आधी झडली, नाचणीची रोपं टाकायला वाफ्यात कोरडी माती मिळेना. आणि मग तरणा पाऊस, म्हणजे पुनर्वसूचा, जो आमच्याकडं धो धो पडायचा आणि ज्याच्या मागून अळंबी यायची, त्या दिवसांत कडकडीत ऊन. रान येड्यासारखं करायला लागलं. फुलायचं ते फुलेना, नको ते उगवलं. वस्तीतल्या बायका रोज सकाळी डोंगरावर जायच्या आणि रिकाम्या टोपल्या घेऊन यायच्या. चुलीपाशी बोलणं कमी झालं. अळंबीच्या दिवसांतच वर्षाची मिरची आणि पोरांची दप्तरं होतात आमची.

त्यात आमच्या जागेच्या वर कुणीतरी पाहुण्यांसाठी बंगले बांधायला काढले. जेसीबीनं रस्ता खोदला आणि निघालेली तांबडी माती उतारावर ढकलून दिली. आमच्या वारुळाची निम्मी जागा त्या मातीखाली गेली. मी त्या साली वर गेलेच नव्हते, गुडघ्यांनी जवाब दिला होता. सुजाताच सांगायची.

एका रविवारी ती भरलेली टोपली घेऊन खाली आली. तोंडावर आनंद मावत नव्हता.

"आत्ती, आपल्याच जागेला. त्या नव्या मातीवर चादर हातरल्यागत आल्यात बघा."

मी दोन-चार हातात घेऊन बघितल्या. मिटलेल्या कळ्या, पांढऱ्या, डोक्यावर तपकिरी टोपी. खऱ्या अळंबीच्या डोक्याला वर टोक असतं, हे टोक जरा बोथट वाटलं. म्हटलं, यंदा पाऊसच सरळ पडला नाही, तिचं टोक सरळ कुठून येणार. आणि जागा आमचीच होती. जागेवर संशय घ्यायची आम्हाला सवयच नव्हती.

नाक्यावर जाऊन टोपली मांडली न मांडली तोच कुरुंदवाडची निळी गाडी. वहिनी उतरल्या, मागच्या सीटवर त्यांची सून. पोट चांगलं दिसायला लागलेलं, सातवा सरत आलेला.

"हिला डोहाळं लागल्यात अळंबीचं," वहिनी म्हणाल्या. "दोन खेपा फोन करून बघावा म्हटलं तर तुझा नंबर न्हाय. म्हटलं जाऊनच बघू. हाय का न्हाय?"

"हाय की. तुमच्या नशिबानं आजच आली."

मूठभर सोडून सगळी टोपली त्यांनी घेतली. "कोल्हापुरात नणंदंकडं जेवायला थांबतो, संध्याकाळी घरी जाऊन वाटण घालून करतो," असं सांगून गेल्या. ती पोरगी काचेतून माझ्याकडं बघून हसली. मी हात केला.

दुपार कलली. उरलेली मूठभर अळंबी पळसाच्या पानावर ठेवली होती, उन्हाच्या तावानं ती उमलली. त्यावर मुंग्या चढल्या म्हणून मी एक उचलून उलटी केली, झटकायला. छत्रीच्या पोटात पापुद्रे असतात, पुस्तकाच्या पानांसारखे. खऱ्या अळंबीचे पांढरे असतात, जुनी झाली तर गुलाबी झाक येते. या पापुद्र्यांना हिरवट रंग चढला होता. दुसरी उलटी केली. तीही तशीच. तिसरी तशीच.

सुजाता नाचणीच्या भाकरीचा तुकडा मोडत बसली होती. मी विचारलं, "ह्यांची मुळं कशी हुती?"

"मुळं? मी वरच्या वर कापल्या, आत्ती."

"एकबी उकरून बघितली न्हाईस?"

तिनं माझ्या हातातलं बघितलं आणि भाकरी खाली ठेवली.

हिरव्या पोटाची अळंबी आम्हाला माहीत नव्हती असं नाही. मी लग्न होऊन आले त्याच्या आधी वस्तीतल्या एका घरानं ती खाल्ली होती. ओकाऱ्या, जुलाब, अंगातलं पाणी संपलं. सगळे उठले त्यातून, पण त्या घरातल्या सुनेच्या पोटातलं पोर राहिलं नाही. ती बाई म्हातारी होऊन गेली, मी तिला बघितलेलं आहे. तिच्या घरात पुन्हा कधी अळंबी शिजली नाही.

शेजारी बाबूभाईची चहाची टपरी. चहा विकतो आणि वडापची, म्हणजे माणसं भरून नेणारी जीपही चालवतो. मी त्याला सगळं सांगितलं. तो किटली खाली ठेवून म्हणाला, "नंबर द्या, फोन लावतो."

"नंबर न्हाय."

"आडनाव सांगा. कुरुंदवाडात आमच्या साडूचं वळखीचं लोक हायत."

"वहिनी."

"मौशी, वहिनी आडनाव असतंय व्हय?"

इतकी वर्षं ती बाई माझ्या पोत्यावर बसली, म्हैस कुठल्या पायानं लाथ मारते ते मला माहीत होतं, आणि आडनाव माहीत नव्हतं. पोराला त्या बाळू म्हणायच्या, सुनेला पोरी. बाबूभाईनं डोक्याला हात लावला. जीपमध्ये माणसं बसलेली होती. त्यांना म्हणाला, "उतरा. आज गाडी कुरुंदवाडला."

"आणि आमचं काय?" एक म्हातारा म्हणाला.

"तुम्हाला घरी जायला उशीर हुईल. तिथं एक पोटुशी बाई ईख खायला बसलीया."

म्हातारा उतरला, बाकीच्यांना हातानं उतरवलं.

सुजातानं ती उरलेली अळंबी पळसाच्या पानातच गुंडाळली आणि मांडीवर घेतली. "हे कशाला घेतीस, फेक ते," मी म्हटलं. "असू दे," ती म्हणाली.

कोल्हापुरात रविवारची गर्दी. सिग्नलला गाडी थांबली की मला वाटायचं उतरून पळत जावं. नणंद कोल्हापुरात कुठं राहते हेही ठाऊक नाही, नाहीतर इथंच गाठलं असतं. प्रत्येक निळ्या गाडीत मी वाकून बघत होते. सांगली रस्त्याचं काम चाललेलं, एक बाजू बंद, ट्रकच्या मागं ट्रक. बाबूभाई हॉर्नवरचा हात काढेना. पुढच्या ट्रकवाल्यानं मान बाहेर काढून शिवी दिली, तर हा म्हणाला, "घाल घाल, परतीच्या वाटंवर ऐकतो." जयसिंगपूर मागं टाकलं तेव्हा ऊन उतरलं होतं. मी मनात वहिनींच्या स्वयंपाकघराची गणितं मांडत होते. आता पोचल्या असतील. आता म्हशींची धार काढत असतील. आता खोबरं भाजायला घेतलं असेल.

"त्यांनी घराचं काय काय सांगितलेलं आठवा," सुजाता म्हणाली.

मी आठवायला लागले. नदीच्या अंगाला घर. दारात उंबर. पूर आला की त्याच उंबराला नाव बांधतात.

कुरुंदवाडच्या स्टँडजवळ केळीच्या गाड्यावाल्याला विचारलं. "पुरात दारातल्या उंबराला नाव बांधत्यात ते घर कुठं?"

"पुरात सगळ्यांच्याच दारात नाव असती, पावणं."

"त्यांच्यात म्हशी हायत."

"कुणाच्यात न्हाईत?"

"वहिनी म्हणत्यात त्यांना."

"हितं समद्याच वहिनी हायत की ओ."

बाबूभाई त्याच्या अंगावर जायच्या बेतात होता. मी त्याला मागं ओढलं. मला रडायला यायला लागलं आणि रडून चालणार नव्हतं. शेजारी एक बाई गजरे ओवत बसली होती. तिला मी म्हटलं, "बाई, त्यांची सून पोटुशी हाय, सातवा. पोराला बाळू म्हणत्यात, निळी गाडी हाय. आज सकाळी पन्हाळ्याकडं गेलते. त्यांच्या घरात आत्ता ईख शिजतंय."

तिच्या हातातली सुई थांबली. "बाळूची आई. मघाशीच गाडी गेली की ह्या बाजूनं." तिनं गजरे टोपलीत टाकले आणि स्वतः जीपमध्ये चढली, वाट दाखवायला.

उंबर दिसला. दार उघडं होतं आणि वाटणाचा वास अंगणापर्यंत आलेला. वहिनी बाहेर आल्या, पदराला हात पुसत.

"अगं बया, आक्का? तू हिकडं? ये ये, आत ये की."

"वहिनी, अळंबी?"

"झालीया की, रटरटतीया. बस, आता जेवूनच जा."

मी त्यांना ओलांडून आत गेले. इतक्या वर्षांत त्या घराचा उंबरा मी पहिल्यांदा ओलांडला, आणि तोही चपला न काढता, थेट शेगडीपर्यंत. सून पाटावर बसलेली, पुढं ताट, ताटात भाकरी, वाटी रिकामी. मी पदरानं धरून पातेलं गॅसवरनं खाली उतरवलं.

"कुणी खाल्लं? खरं सांगा, कुणी खाल्लं ह्यातलं?"

"कुणी न्हाय अजून," वहिनी म्हणाल्या. "काय झालं तुला?"

"तू खाल्लीस, पोरी?"

तिनं मान हलवली. घाबरली होती. "न्हाय ओ. भाकरीच मोडलीया."

मी तिथंच फरशीवर बसले. मग सुजाता पुढं झाली. पान उघडून तिनं ती अळंबी उलटी करून दाखवली. "वहिनी, ही आपली अळंबी न्हवं. इखारी हाय. मी काढल्याली. आत्तीनं न्हाय, मी."

मग वहिनी हळूच म्हणाल्या, "मी मीठ बघितलंया."

"किती?"

"दोन फोडी. आणि वाटणाची चव बघायला आणिक एक-दोन."

पोरगा दारात उभा होता. त्याचा चेहरा लालबुंद झाला. "तुमास्नी कळत न्हाय तर इकायला कशाला बसता? माझी बायको बसलीया ताटावर. कळतंय काय तुमास्नी?"

त्याचं बरोबरच होतं. बाबूभाई म्हणाला, "भांडाण दवाखान्यात करू. आधी गाडीत बसा."

"मला काय हुतंय, धडधाकट हाय मी," असं म्हणत वहिनी जीपमध्ये बसल्या. अर्ध्या वाटेत त्यांना पहिली उलटी झाली. दवाखान्याच्या पायरीवर दुसरी. आत नेईपर्यंत हातपाय गार पडायला लागले होते.

डॉक्टर तरुण बाई होत्या. सलाईन लावता लावता त्यांनी विचारलं, "काय खाल्लं? कुठून आणलं?" वहिनींनी माझ्याकडं बघितलं आणि डोळे मिटून म्हणाल्या, "बाजारातनं आणलं. कुणाकडनं ते ध्यानात न्हाय."

त्या अवस्थेत बाई माझ्यासाठी खोटं बोलली. मी तोंड उघडायच्या आधी सुजाता पलंगाच्या त्या बाजूला गेली. "बाजारातली न्हाय, डॉक्टर. मी काढल्याली. ही बघा." तिनं पान उघडलं. कुठल्या मातीवर उगवलेली, कधी काढलेली, सकाळी कशी दिसत होती, दुपारी कशी झाली, सगळं सांगितलं. एकही गोष्ट मागं ठेवली नाही. डॉक्टरांनी ऐकून घेतलं, मोबाईलवर फोटो काढला, कुणाला तरी फोन करून बोलल्या. म्हणाल्या, "बरं झालं हे आणलंत. आता निदान काय आहे ते कळतंय. हे इथंच राहू दे."

मग बाकावर बसून राहायचं. आतून ओकारीचा आवाज यायचा आणि आम्ही सगळे एकमेकांकडं न बघता बसायचो. वहिनींची सून सुजाताच्या शेजारी येऊन बसली, पोटावर हात ठेवून. बऱ्याच वेळानं म्हणाली, "मी खाल्ली असती तर काय झालं असतं ओ?"

सुजाताच्या आधी मीच म्हटलं, "खाल्ली न्हाईस न्हवं? मग ते कशाला काढतीस."

उजाडताना आतला आवाज थांबला. डॉक्टर म्हणाल्या, धोका टळला, दोन दिवस ठेवू. वहिनींनी चहा मागितला. तो मिळणार नाही म्हटल्यावर नर्सवर करवादल्या, तेव्हा मला वाटलं, आता खरी बरी झाली. त्यांनी सुजाताला जवळ बोलावलं.

"पुढच्या साली माती काढू नकोस," म्हणाल्या. "मुळासकट आण, चिखलासकट आण. धुवायला माझं हात अजून हायत."

पोरगा बाहेर उभा होता. बाबूभाईला त्यानं चहा पाजला, आम्हालाही आणून दिला, पण नजर वर केली नाही. निघताना एवढंच म्हणाला, "आई घरी येऊ दे. मग बघू काय ते." पुढच्या पावसाळ्यात वहिनी आल्या, एस्टीनं, एकट्या. नातीचा फोटो दाखवला. पोरगा कधी आला नाही. मी त्याला दोष देत नाही.

पण मला परतीच्या वाटेचं सांगायचं आहे. जीप हळू चालली होती, बाबूभाईला झोप येत होती म्हणून मी मागून त्याच्याशी बोलत होते. सुजाता एकदम म्हणाली, "काठीनं उकरलं असतं तर मूळच लागलं नसतं. उपटल्यागत लगेच हातात आली असती."

"व्हय."

"तवाच कळलं असतं, खाली वारूळ न्हाय. म्हंजे लोखंडाचं ते ह्यासाठी हुतं. मूळ बघायला लावायचं माणसाला. आत्ती, तुमास्नी हे ठावं हुतं?"

"न्हाय."

"तुमच्या सासूला?"

खरंच मला माहीत नाही. म्हातारीला कारण ठाऊक होतं आणि सांगायचा कंटाळा होता, की तिलाही कुणी फक्त वारूळ रुसतंय एवढंच सांगितलं होतं, आता विचारायला ती नाही. मी तसं सांगितलं. सुजातानं पदर डोक्यावर घेतला आणि म्हणाली, "आणिक काय काय पाळता तुम्ही, कारण न कळता? समदं सांगा."

"आत्ता? जरा डोळा लागू दे की."

"आत्ताच सांगा."

मी सांगायला लागले. जागा दाखवताना बोट करायचं नाही, पायानं दाखवायची.

"दुसऱ्या कुणी लांबनं बघितलं तर जागा जाती," सुजाता म्हणाली. "हे पटलं. फुडं?"

पहिली उमललेली छत्री सोडून द्यायची.

"ती तिथंच झडती. फुडच्या सालाचं बी पडतंय. पटलं."

शिकेकाई तोडताना झाडाशी बोलायचं नाही. यावर बाबूभाई पुढून हसला. सुजातानं विचार केला. "तोंड उघडं ठिवलं की धूळ नाकातोंडात जाती, खोकून मरायला हुतंय. पटलं."

"श्रावण सरला की जागेकडं फिरकायचं न्हाय," मी म्हटलं.

"का?"

मी खूप आठवून बघितलं. सासूचं सगळं बोलणं डोळ्यांपुढं आणलं. काही सापडलं नाही.

"साप असत्यात," बाबूभाई म्हणाला.

"साप आषाढातबी असत्यात की बाबूभाई."

"मग अळंबी संपल्याली असती."

"संपली असली तर जाऊ नका म्हणून कशाला सांगायला पायजे? आपणच जात न्हाय."

जीप चढाला लागली होती. बाबूभाईनं गिअर बदलला. सुजाता बाहेर बघत राहिली, आणि मला वाटलं आता म्हणेल, मग हे सोडून देऊ.

"हे तूर्त पाळायचं," ती म्हणाली. "कारण सापडंस्तवर."

अजून सापडलेलं नाही. यंदाही श्रावण सरल्यावर आम्ही तिकडं गेलो नाही.